‘क्ष-किरण’ : एका पारिभाषिक संज्ञेचा अर्थ आणि वापर

१. प्रास्ताविक

पारिभाषिक संज्ञेचा विचार बहुधा कोशाच्या अंगाने केला जातो. मूळ परभाषिक शब्द कोणता, त्याला पर्याय कोणता, तो निर्दोष आहे की नाही, एवढ्यावर चर्चा थांबते. संज्ञा कोशातून बाहेर पडल्यावर तिचे काय होते, ती कोणाच्या तोंडी बसते आणि कोणाच्या बसत नाही, हा प्रश्न मात्र मागे राहतो. प्रस्तुत लेखात ‘क्ष-किरण’ या एकाच संज्ञेच्या आधारे या प्रश्नाचा विचार करण्याचा प्रयत्न केला आहे.

या संज्ञेच्या निवडीला एक व्यावहारिक कारण आहे. बुलढाणा जिल्ह्याच्या घाटावरील भागात, मेहकर तालुक्यात, जानेफळ हे गाव आहे. जानेफळसारख्या गावातील माणूस छातीच्या वा हाडाच्या दुखण्यासाठी तालुक्याच्या किंवा जिल्ह्याच्या गावी जातो, तेव्हा एकाच वस्तूसाठी तीन शब्द त्याच्या वाट्याला येतात. शासकीय रुग्णालयाच्या दारावरील पाटीवर ‘क्ष-किरण विभाग’ असे लिहिलेले असते. डॉक्टर ‘एक्स-रे काढून आणा’ असे सांगतात. आणि घरी परतल्यावर तो स्वतः ‘छातीचा फोटो काहाडला’ असे सांगतो. पाटीचा शब्द, चिठ्ठीचा शब्द आणि तोंडचा शब्द अशी ही तीन रूपे आहेत. ती केवळ पर्यायी नावे नाहीत; प्रत्येक शब्द वस्तूचे वेगळे अंग दाखवतो आणि वेगळे अंग झाकतो. या दाखवण्या-झाकण्याचे परिणाम केवळ भाषिक राहत नाहीत, हे पुढील विवेचनात दिसून येईल.

२. मूळ संज्ञेचे स्वरूप

विल्हेल्म कॉनराड राँटगेन या जर्मन भौतिकशास्त्रज्ञाला ८ नोव्हेंबर १८९५ रोजी वुर्ट्‌सबुर्ग येथील प्रयोगशाळेत एका अपरिचित किरणाचा प्रत्यय आला. निर्वात नळीतून विद्युत्‌प्रवाह सोडला असता, नळी काळ्या कागदाने झाकलेली असूनही, काही अंतरावरील प्रस्फुरक पडदा उजळत होता. २२ डिसेंबरला त्याने पत्नीच्या हाताचे चित्र घेतले. त्यात बोटांची हाडे आणि बोटातील अंगठी दिसली. २८ डिसेंबर १८९५ रोजी त्याने या शोधासंबंधीचा पहिला निबंध सादर केला. या किरणांचे स्वरूप अज्ञात असल्यामुळे, आणि नाव लहान असावे म्हणून, त्याने बीजगणितात अज्ञात राशीसाठी वापरले जाणारे ‘एक्स’ हे अक्षर त्यांना लावले. १९०१ साली भौतिकीचे पहिले नोबेल पारितोषिक त्याला मिळाले.

संज्ञेच्या दृष्टीने येथे लक्षात घ्यावयाची गोष्ट अशी, की हे मुळात नावच नव्हते. नावाची रिकामी ठेवलेली जागा होती. स्वरूप कळेपर्यंत चालवून घेण्याचे ते चिन्ह होते. पुढे १९१२ साली माक्स फोन लाउए याच्या सूचनेवरून झालेल्या प्रयोगात स्फटिकातून जाताना या किरणांचे विवर्तन होते असे दिसले आणि त्यांचे तरंगस्वरूप निश्चित झाले. म्हणजे अवघ्या सतरा वर्षांत अज्ञात ज्ञात झाले. पण चिन्ह बदलले नाही. जर्मन भाषेने शास्त्रज्ञाच्या नावावरून ‘राँटगेन-किरण’ ही संज्ञा रूढ केली. इंग्रजीने मात्र अज्ञाताचे चिन्हच कायम ठेवले. ज्ञात वस्तूचे अज्ञातवाचक नाव असा हा अर्थविरोध आहे आणि मराठी संज्ञेला तो वारशाने मिळाला आहे.

३. भारतीय भाषांतील चार वाटा

अशा संज्ञेला पर्याय देताना भारतीय भाषांनी निरनिराळ्या वाटा धरलेल्या आढळतात.

पहिली वाट अक्षर जसेच्या तसे ठेवण्याची. हिंदीतील अधिकृत परिभाषेने ‘एक्स-किरण’ असा संकर स्वीकारला. १९६१ साली स्थापन झालेल्या केंद्रीय वैज्ञानिक व तांत्रिक शब्दावली आयोगाचे धोरण आंतरराष्ट्रीय चिन्हे शक्यतो मूळ रूपात ठेवण्याचे आहे. हा पर्याय त्या धोरणाशी सुसंगत आहे.

दुसरी वाट संशोधकाच्या नावाची. बंगालीत ‘रंजनरश्मी’ हा शब्द रूढ आहे. राँटगेन या नावाचा ध्वनी आणि संस्कृत ‘रंजन’ हा शब्द यांचे येथे मोठे चतुर मीलन झाले आहे. शब्द देशी वाटतो, कानाला गोड लागतो. मात्र ‘रंजन’ या शब्दाच्या रंगविणे, आनंद देणे या अर्थांशी किरणांचा काहीही संबंध नाही.

तिसरी वाट गुणधर्माची. तमिळमधील ‘ऊडुकदिर’ या शब्दाचा अर्थ आरपार जाणारा किरण असा होतो. वस्तू काय करते ते सांगणारी ही संज्ञा आहे. तिच्यात ना अज्ञाताचे चिन्ह आहे, ना संशोधकाचे नाव.

चौथी वाट चिन्हाच्या जागी चिन्ह ठेवण्याची. मराठीने ‘एक्स’च्या जागी ‘क्ष’ ठेवले. गुजराती आणि कन्नड या शेजारभाषांतही ‘क्ष-किरण’ हे रूप आढळते. हे शब्दाचे भाषांतर नाही आणि लिप्यंतरही नाही. एका चिन्हव्यवस्थेतील अक्षराचे कार्य दुसऱ्या चिन्हव्यवस्थेतील अक्षराकडे सोपविण्याची ही क्रिया आहे. म्हणून ती इतर तिन्ही वाटांहून अधिक सूक्ष्म आणि, पुढे दिसेल त्याप्रमाणे, अधिक परावलंबी आहे.

४. ‘क्ष’च का?

भारतीय बीजगणिताला अज्ञातासाठी स्वतःची चिन्हे होती. भास्कराचार्यांच्या बीजगणितात, म्हणजे बाराव्या शतकात, पहिल्या अज्ञात राशीला ‘यावत्‌-तावत्‌’ आणि पुढील राशींना ‘कालक’, ‘नीलक’, ‘पीतक’ अशी रंगांची नावे दिलेली आहेत. लिहिताना त्यांची ‘या’, ‘का’, ‘नी’, ‘पी’ अशी आद्याक्षरे येतात. ‘जितके असेल तितके’ अशा अर्थाचा ‘यावत्‌-तावत्‌’ हा शब्द अज्ञात राशीला विलक्षण समर्पक होता. तरी मराठीने ‘या-किरण’ अशी संज्ञा केली नाही. कारण मराठी माणसाला शाळेत शिकविले गेलेले बीजगणित त्या परंपरेतून आलेले नव्हते. ते इंग्रजी बीजगणिताच्या वळणाचे होते आणि त्यात ‘समजा, ती संख्या क्ष आहे’ ही वाक्यरचना पिढ्यान्‌पिढ्या घोकली गेली होती.

‘एक्स’च्या जागी ‘क्ष’ येण्यास तीन गोष्टी अनुकूल ठरलेल्या दिसतात. एक, ध्वनिसाम्य. रोमन लिपीत मराठी नावे लिहिताना ‘लक्ष्मी’, ‘दीक्षित’ यांतील ‘क्ष’ हा ‘एक्स’ या अक्षराने लिहिण्याची प्रथा आहे. म्हणजे दोन अक्षरांची जोडी व्यवहारात आधीच जुळलेली होती. दोन, दोन्ही जोडध्वनी आहेत. एकात ‘क’ आणि ‘स’, दुसऱ्यात ‘क’ आणि ‘ष’. तीन, स्थानसाम्य. रोमन वर्णमालेत ‘एक्स’ शेवटून तिसरा आहे. मराठी मुळाक्षरांत ‘क्ष’ शेवटून दुसरा, ‘ज्ञ’च्या आधी, येतो. मालिकेच्या टोकाची, एरवी कमी वापरली जाणारी अक्षरे अज्ञातासाठी राखून ठेवण्याची सोय दोन्हीकडे सारखीच साधली गेली.

शाळेतील हे अक्षर पुढे गणिताबाहेरही पडले. ‘क्ष या व्यक्तीने य या व्यक्तीला घर विकले’ अशी उदाहरणे कायद्याच्या आणि अर्थशास्त्राच्या मराठी पुस्तकांना परिचित आहेत. ‘अमुक’ या सर्वनामाचे काम ‘क्ष’ करू लागला. ‘क्ष-किरण’ या संज्ञेचे बळ या पूर्वपरिचयात आहे. ज्याने बीजगणितात ‘क्ष’ मांडला, त्याला ‘क्ष-किरण’ म्हणजे ‘कोणता तरी, अद्याप न कळलेला किरण’ हे वेगळे सांगावे लागत नव्हते.

५. ध्वनी, लेखन आणि समास

असे असूनही ही संज्ञा बोलीत रुजली नाही. त्याचे एक कारण मराठीच्या ध्वनिइतिहासात सापडते. संस्कृतातील ‘क्ष’ हा ध्वनी प्राकृतांतून मराठीत येताना टिकलेला नाही. क्षेत्र-शेत, क्षीर-खीर, क्षार-खार, मक्षिका-माशी, क्षुरिका-सुरी, कुक्षि-कूस, इक्षु-ऊस, लाक्षा-लाख ही सर्वपरिचित उदाहरणे पाहिली, म्हणजे ‘क्ष’चे ‘ख’, ‘श’ किंवा ‘स’ होणे हा मराठीचा स्वभाव आहे असे म्हणता येते. शेतकऱ्याच्या रोजच्या शब्दांतून ‘क्ष’ केव्हाच निघून गेला. जो उरला तो क्षमा, क्षण, रक्षण अशा तत्सम शब्दांत, म्हणजे शिक्षणाने आलेल्या शब्दांत. ‘एक्स-रे’ परकी असूनही ‘येक्सरे’ असा सहज वळविता येतो, कारण त्याच्या आरंभी स्वर आहे आणि जोडाक्षर मध्ये फुटते. ‘क्ष-किरण’ या शब्दाच्या आरंभीच जोडाक्षर उभे राहते आणि जीभ अडते.

लेखनातही स्थैर्य नाही. ‘क्ष-किरण’, ‘क्ष किरण’ आणि ‘क्षकिरण’ अशी तिन्ही रूपे छापलेली आढळतात. यांपैकी संयोगचिन्हाचे रूपच अर्थदृष्ट्या योग्य मानावे लागेल. संस्कृत कोशांत ‘क्ष’ या एकाक्षरी शब्दाला क्षेत्र, नाश, वीज असे अर्थ दिलेले आहेत. ‘क्षकिरण’ असे अखंड लिहिल्यास तो ‘नाशाचा किरण’ अशा तत्पुरुषासारखा वाचला जाण्याचा संभव आहे. आणि छातीच्या तपासणीच्या संदर्भात ‘क्षय’ या शब्दाची सावली त्यावर सहज पडते. संयोगचिन्ह मात्र ‘येथे क्ष हा शब्द नसून चिन्ह आहे’ असे वाचकाला बजावते.

समासक्षमता हा या संज्ञेचा मोठा गुण आहे. क्ष-किरण नलिका, क्ष-किरण वर्णपट, क्ष-किरण विवर्तन, क्ष-किरण चिकित्सा, क्ष-किरण दुर्बीण अशी शब्दावली तिच्यापासून विनासायास तयार होते. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या प्रमुख संपादकत्वाखाली सिद्ध झालेल्या मराठी विश्वकोशात ‘क्ष-किरण’ याच नावाने नोंद आहे. शासनाच्या आरोग्यसेवेत ‘क्ष-किरण तंत्रज्ञ’ हे पदनाम आहे. १ जानेवारी २०२४ रोजी भारताने ‘एक्स्पोसॅट’ हा उपग्रह सोडला, तेव्हा क्ष-किरणांच्या ध्रुवीकरणाचा अभ्यास हे त्याचे कार्य मराठीत सांगताना हीच संज्ञा उपयोगी पडली. जानेफळच्याच परिसरात, लोणारच्या विवरातील खडकांची आणि गाळाची खनिजे ओळखावयाची झाल्यास भूवैज्ञानिकाला ‘क्ष-किरण विवर्तन’ ही पद्धत आहेच. म्हणजे कोश, कार्यालय आणि विज्ञानलेखन या तीन क्षेत्रांत संज्ञा सुस्थिर आहे. अडचण आहे ती रुग्णालयाच्या दारात.

६. किरण, चित्र आणि क्रिया

दारातील अडचण समजण्यासाठी क्रियापदांकडे पाहावे लागते. मराठीत ‘एक्स-रे काढतात’. ‘क्ष-किरण काढत’ नाहीत. क्ष-किरण सोडतात, टाकतात, ते आरपार जातात. हा भेद सूक्ष्म असला तरी निर्णायक आहे. बोलीतील ‘एक्स-रे’ हा शब्द किरणाचा वाचक राहिलेलाच नाही. लक्षणेने तो किरणांपासून तयार होणाऱ्या चित्राचा आणि त्या चित्रासाठी होणाऱ्या तपासणीचा वाचक झाला आहे. ‘एक्स-रे पिशवीत आहे’, ‘एक्स-रे दाखवा’, ‘एक्स-रे उद्या मिळेल’ या वाक्यांत किरण कोठेच नाही. साधनाच्या नावाने साध्य ओळखले जाण्याचा हा प्रकार आहे. ‘क्ष-किरण’ या संज्ञेत मात्र ‘किरण’ हा शब्द मराठी म्हणून जिवंत असल्यामुळे ती चित्राकडे सरकू शकत नाही. चित्रासाठी ‘क्ष-किरण चित्र’ किंवा ‘क्ष-किरण छायाचित्र’ असे लांब समास करावे लागतात आणि घाईच्या व्यवहारात ते मागे पडतात.

‘फोटो’ या शब्दाने ही जागा भरली. वरवर पाहता तो अज्ञानाचा शब्द वाटतो. पण त्यामागे निरीक्षण आहे. उभे राहावयाचे, हालावयाचे नाही, क्षणभर श्वास रोखावयाचा, खटका दाबला जातो आणि फिल्म हाती येते. फोटोच्या दुकानातील अनुभवाशी हे सारे जुळते. गंमत अशी, की ‘फोटो’साठी मराठीने केलेला ‘छायाचित्र’ हा शब्द फोटोपेक्षा या चित्रालाच अधिक लागू पडतो. साध्या फोटोत वस्तूवरून परतलेला प्रकाश टिपला जातो. क्ष-किरणांच्या चित्रात खरोखरच शरीरातील घन भागांची छाया पडते. एवढेच की फिल्मवर ही छाया पांढरी दिसते. किरण जेथे पोचतात तेथे फिल्म काळी पडते. हाड किरणांना अडविते, म्हणून त्याची जागा पांढरी राहते. फुप्फुसातील हवा काळी दिसते. पांढऱ्या छायेची ही उलटी भाषा रुग्णाला कोणी सांगत नाही, आणि म्हणून ‘काळे दिसते म्हणजे बिघाड आहे’ असा समज सहज होऊ शकतो.

७. शब्दाने झाकलेला अर्थ

येथवर ‘फोटो’ या शब्दाचे समर्थन झाले. त्याची दुसरी बाजू अधिक गंभीर आहे. फोटो ही घेण्याची क्रिया आहे. ज्याचा फोटो काढला जातो त्याच्या अंगाला काही लागत नाही. क्ष-किरणांचे तसे नाही. ते शरीरातून जातात आणि जाताना त्यांचा काही अंश शरीरात शोषला जातो. एका तपासणीतील मात्रा अल्प असते आणि आवश्यक तपासणी टाळणे हे अधिक अपायकारक असते, हे खरे. तथापि अनावश्यक तपासणी करू नये आणि गर्भवती स्त्रीच्या बाबतीत विशेष काळजी घ्यावी, हा वैद्यकातील सर्वमान्य नियम आहे. म्हणूनच क्ष-किरण खोलीच्या दारावर ‘आपण गरोदर असल्यास तपासणीपूर्वी सांगावे’ अशा आशयाची सूचना लावलेली असते.

या सूचनेचा प्रवास पाहण्यासारखा आहे. ती ‘क्ष-किरण’ या शब्दात लिहिलेली असते. वाचणारी स्त्री मात्र ‘फोटो’ काढावयास आलेली असते. सूचनेतील किरण आणि आपला फोटो या दोहोंचा संबंध तिला कोणत्या शब्दाने लागावा? फोटो काढण्यापूर्वी गरोदरपणाचा उल्लेख कशाला करावयाचा, असे तिला वाटले तर तो तिच्या समजुतीचा दोष म्हणता येणार नाही. पाटीवरील शब्द बरोबर आहे आणि तोंडातील शब्दही अनुभवाला धरून आहे. पण दोहोंमध्ये पूल नाही. संज्ञा अचूक असणे आणि संज्ञेने अर्थ पोचविणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत, याचे याहून स्पष्ट उदाहरण क्वचितच मिळेल.

निदान सांगतानाही हीच स्थिती येते. ‘फोटो चांगला आहे’ या वाक्याचे दोन अर्थ संभवतात : चित्र स्पष्ट आले आहे, किंवा छातीत दोष नाही. बोलणाऱ्याला पहिला अभिप्रेत असावा आणि ऐकणाऱ्याने दुसरा घेऊन निर्धास्तपणे गावी परतावे, हे अशक्य नाही. ‘एक्स-रे’ हा मधला शब्दही ही संदिग्धता दूर करीत नाही, कारण तोही आता चित्राचाच वाचक झाला आहे. येथे शब्द बदलण्याने भागत नाही. ‘छातीत दोष नाही’ असे पूर्ण वाक्य बोलावे लागते.

८. लाक्षणिक वापर

साहित्यसमीक्षेच्या आणि वृत्तपत्रीय लेखनाच्या भाषेत या संज्ञेला आणखी एक अर्थ प्राप्त झाला आहे. ‘व्यवस्थेचा एक्स-रे’, ‘क्ष-किरणांसारखी भेदक दृष्टी’ असे प्रयोग रूढ आहेत. ‘प्रकाश टाकणे’ या जुन्या लक्षणेहून हा प्रयोग वेगळा आहे. प्रकाश वस्तूचा पृष्ठभाग दाखवितो. क्ष-किरण पृष्ठभाग ओलांडतो. ‘चिरफाड’ या शब्दाहूनही तो वेगळा आहे, कारण चिरफाडीत वस्तू मोडते. येथे ती न मोडता आतले दिसते. मात्र या रूपकाची मर्यादा समीक्षकांच्या ध्यानी क्वचितच येते. क्ष-किरण घन भाग दाखवितात, मऊ भाग बहुतांशी वगळतात. सांगाडा दिसतो, रक्तमांस दिसत नाही. एखाद्या कादंबरीला ‘समाजाचा एक्स-रे’ म्हणणे ही स्तुती असेल, तर त्या स्तुतीत ‘माणसांची हाडे दिसली, माणसे नाहीत’ असा आक्षेपही नकळत सामावलेला असतो.

९. आधार गमावलेली संज्ञा

‘क्ष-किरण’ ही संज्ञा ‘क्ष’च्या बीजगणितातील स्थानावर उभी आहे, असे वर म्हटले. तो आधार आता उरलेला नाही. मराठी माध्यमाच्या गणिताच्या पाठ्यपुस्तकांतही अज्ञात राशी आज रोमन अक्षरांनीच लिहिल्या जातात. ज्या विद्यार्थ्याने ‘समजा क्ष’ कधी म्हटलेच नाही, त्याच्या दृष्टीने ‘क्ष-किरण’मधील ‘क्ष’ हे निव्वळ एक अवघड अक्षर आहे. संज्ञा तीच राहिली. तिच्यामागची परंपरा काढून घेतली गेली. परिभाषा एकेका शब्दाने जगत नाही, ती शब्दांच्या कुटुंबाने जगते. कुटुंब विखुरले की शब्द पाटीवर राहतो आणि भाषेतून जातो. गणिताच्या पुस्तकातील एका अक्षराच्या बदलाचा परिणाम रुग्णालयाच्या पाटीच्या अर्थवत्तेवर व्हावा, ही गोष्ट परिभाषेच्या नियोजनात ध्यानी घेतली गेलेली दिसत नाही.

१०. समारोप

वरील विवेचनावरून पुढील निष्कर्ष मांडता येतील.

(अ) ‘क्ष-किरण’ ही चिन्हाच्या जागी चिन्ह ठेवून घडविलेली संज्ञा आहे. शालेय बीजगणितातील ‘क्ष’ परिचित असेपर्यंत ती पारदर्शक होती. आज ती केवळ रूढीने चालते.

(आ) विज्ञानलेखन, कोश आणि प्रशासन यांत तिचे स्थान पक्के आहे. किरणाचा वाचक शब्द म्हणून तिला समर्थ पर्याय नाही आणि तो शोधण्याची गरजही नाही.

(इ) ‘एक्स-रे’ आणि ‘फोटो’ हे चित्राचे व तपासणीचे वाचक शब्द आहेत. त्यांना अशुद्ध म्हणून बाजूला सारणे योग्य नाही. त्यांचे कार्य वेगळे आहे.

(ई) जेथे अर्थ पोचण्यावर शरीराचे हित अवलंबून आहे, तेथे तिन्ही शब्द एकत्र यावयास हवेत. ‘एक्स-रेचा फोटो काढताना अंगातून क्ष-किरण जातात, पोटात मूल असेल तर आधी सांगा’ एवढे एक वाक्य दारावर लिहिले, तर पाटी, चिठ्ठी आणि तोंड यांच्यातील अंतर पुष्कळसे मिटेल. त्यात नवा शब्द एकही नाही. असलेल्या शब्दांचा परस्परांशी परिचय करून दिला आहे, इतकेच.

राँटगेनने आपल्या किरणांना अज्ञाताचे चिन्ह लावले, ते पुढे कळेल या भरवशावर. विज्ञानाने तो भरवसा सतरा वर्षांत खरा केला. जानेफळहून फोटो काढण्यासाठी निघालेल्या रुग्णापुरता तो ‘क्ष’ अद्याप सुटावयाचा आहे. आणि ते काम भौतिकशास्त्राचे नसून भाषेचे आहे.